नकाशावरची रेघ आणि वावरातला धुरा

पाच एकरांचं चौकोनी वावर धरा. त्याची एक बाजू साधारण 142 मीटर भरते. शेजाऱ्यानं दर हंगामात नांगराचं एखादं तास जास्त घेत धुरा, म्हणजे बांध, तीन फूट आत सरकवला, तर गेलेली जागा होते सुमारे 130 चौरस मीटर. दोनशे गुंठ्यांतला सव्वा गुंठा, म्हणजे कपाशीची जेमतेम एक ओळ. एवढ्यासाठी माणसं वीस वीस वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवतात, हे बाहेरच्याला वेडेपण वाटतं. पण तेच वावर बडनेऱ्याच्या शिवारात असेल आणि उद्या लेआउटमध्ये गेलं, तर तो सव्वा गुंठा चौदाशे चौरस फुटांचा प्लॉट ठरतो. एका घराची जागा. मग भांडण कोणालाच वेडेपणाचं वाटत नाही.

बडनेरा हे वऱ्हाडातलं मोक्याचं जंक्शन. मुंबई-हावडा लोहमार्गावरून अमरावतीला फाटा फुटतो तो इथूनच, आणि नरखेडकडे जाणारी गाडीही इथूनच निघते. महामार्ग गावाला लागून जातो. 1983 मध्ये अमरावती महापालिका झाली तेव्हा बडनेरा तिच्या पोटात आलं. जवळच्या बेलोरा विमानतळावरून एप्रिल 2025 मध्ये मुंबईची विमानसेवा सुरू झाली. जुनी वस्ती आणि नवी वस्ती यांच्या पलीकडे काळ्या मातीची वावरं एकेक करून प्लॉटांत जात आहेत. शहर जिथे शेताला भिडतं तिथे धुऱ्याची किंमत सगळ्यांत जास्त असते आणि धुऱ्याचा कागद सगळ्यांत कच्चा असतो. अमरावतीच्या दिवाणी कोर्टांत या पट्ट्यातून येणाऱ्या दाव्यांची मुळं तिथेच आहेत.

या लेखाचा विषय मात्र दावा कसा जिंकावा हा नाही. कोर्टानं मोजणीचा आदेश दिला, मोजणी झाली, हुकूमनामाही हातात आला, तरी धुरा जागचा हलत नाही. असं का होतं, हे इथे पाहायचं आहे. ‘मोजणीनं काय होते जी, वावर तं त्याच्याच ताब्यात हाये,’ हे वाक्य वऱ्हाडात कोणत्याही तहसिलीबाहेरच्या टपरीवर कानावर पडतं. ते रडगाणं नाही, वस्तुस्थितीचं अचूक वर्णन आहे.

साखळी आणि आणे

वऱ्हाड 1853 मध्ये निजामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली आलं. पुढे इथली जमीन मोजली गेली ती मुंबई इलाख्याच्या धर्तीवर, म्हणजे गोल्डस्मिड आणि विंगेट या अधिकाऱ्यांनी 1830च्या दशकात इंदापूर भागात बसवलेल्या पद्धतीनं. मोजणीची साखळी 33 फुटांची. तिचे सोळा आणे. एक साखळी लांब, एक साखळी रुंद जागा म्हणजे एक गुंठा. चाळीस गुंठ्यांचा एकर. प्रत्येक शेताला सर्व्हे नंबर मिळाला, कोपऱ्यांवर दगड बसले, आणि त्या शेताचं टिपण तयार झालं. टिपण म्हणजे शेताच्या आकृतीवर साखळी-आण्यांत लिहिलेली मोजमापं.

आता हिशेब करा. 33 फुटांचे सोळा भाग केले की एक आणा दोन फुटांहून थोडा जास्त येतो. ज्या नोंदीत सगळ्यांत लहान माप दोन फुटांचं आहे, तिच्यावरून तीन फुटांचा तंटा सोडवायचा असतो. गावनकाशाची गत आणखी कठीण. तो मैलाला आठ इंच या प्रमाणावर काढलेला असेल, तर कागदावरची अर्ध्या मिलिमीटरची रेघ जमिनीवर चार मीटर रुंद होते. सगळं भांडण त्या रेघेच्या शाईत मावतं. म्हणून जाणता भूकरमापक गावनकाशा पाहून हद्द ठरवत नाही, टिपण मागतो.

त्या मोजणीचा हेतू सारा बसवण्याचा होता. कोणत्या शेताचा किती आकार, एवढं सरकारला हवं होतं. फूटभर इकडेतिकडे झालं तरी साऱ्यात पैचा फरक पडत नव्हता. याची लाज वाटायचं कारण नाही. इंग्लंडच्या जमीन नोंदणीतही नकाशावरची लाल रेघ आजवर सर्वसाधारण हद्द मानली जाते, इंचाइंचाची हद्द नव्हे. पण आपल्याकडे त्याच नोंदीवर पुढे पिढ्यान्पिढ्या वाटण्या झाल्या. बापाच्या वावराचे तीन भावांत तीन तुकडे पडले, सातबारा तीन झाले, पण पोटहिस्स्याची मोजणी कोणी केलीच नाही. भावाभावांनी पावलं मोजली, बाभळीचं झाड आणि विहीर धरून धुरा टाकला आणि कामाला लागले. सातबाऱ्यावर क्षेत्र आहे, नकाशात रेघ नाही. खरेदीखतात चतुःसीमा लिहिलेली असते, ‘पूर्वेस अमुक यांचे शेत’. तो अमुक वारून तीस वर्षं झालेली असतात.

कोर्टाचा कमिशनर

दावा लागतो तेव्हा पहिली लढाई निशाणी पाचवर होते, म्हणजे तात्पुरत्या मनाईहुकमाच्या अर्जावर. दोन्ही बाजू आपापले नकाशे देतात. कोणाचा खासगी सर्व्हेयरनं काढलेला, कोणाचा एकट्यानं अर्ज करून घेतलेल्या मोजणीचा. दोन नकाशांत धुरा दोन ठिकाणी असतो. अशा वेळी दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 26, नियम 9 कामी येतो. जागेवरच्या चौकशीसाठी कोर्ट कमिशनर नेमू शकतं. हद्दीच्या वादात नुसत्या तोंडी पुराव्यावर निकाल न देता कमिशनरकडून जागा मोजून घ्यावी, असं सर्वोच्च न्यायालयानं 2008 मध्ये हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणात सांगितलं. महाराष्ट्रात हे काम बहुतेक वेळा तालुक्याच्या उपअधीक्षक, भूमी अभिलेख यांच्याकडे जातं. पूर्वीचं पदनाम तालुका निरीक्षक होतं. लोक अजून ‘टीएलआर’च म्हणतात.

आदेश झाला की कोर्टाचं पत्र निघतं. पण पत्र पोचलं म्हणजे मोजणी लागली असं होत नाही. फी भरावी लागते, चलन जोडावं लागतं, प्रकरणाला मोजणीचा नंबर पडतो. मग भूकरमापकाची तारीख आणि सगळ्या लगतच्या कब्जेदारांना नोटिसा. एका जरी लगतच्या कास्तकाराला नोटीस पोचली नाही, तर पुढे कोर्टात त्याच मुद्द्यावर अख्खी मोजणी बाद ठरवण्याची मागणी होते.

त्यात हंगामाची आडकाठी. वऱ्हाडात जून ते ऑक्टोबर सोयाबीन उभं असतं, तूर जानेवारीपर्यंत, कपाशी त्याच्याही पुढे. उभ्या पिकात साखळी ओढायला आणि दगड रोवायला कोणी उभं राहू देत नाही. पावसात काळ्या मातीत पाय घोट्यापर्यंत रुततो. म्हणजे खऱ्या अर्थानं मोजणी होते ती मार्चपासून मृगापर्यंत, चव्वेचाळीस-पंचेचाळीस अंशांच्या उन्हात. सगळ्या तालुक्याचे अर्ज त्याच तीन महिन्यांत अंगावर येतात. कोर्टानं ऑगस्टमध्ये दिलेल्या आदेशाला ‘पीक उभे असल्याने मोजणी करता आली नाही’ असं उत्तर आलं, तर त्यात खोटं काही नसतं. फक्त वर्ष गेलेलं असतं.

मोजणीचा दिवस

मोजणीच्या दिवशी सकाळी वावरात कोण कोण जमतं ते पाहण्यासारखं असतं. भूकरमापक, त्याचा मदतनीस, कोतवाल, वादी, प्रतिवादी, दोन्हीकडची पोरं, लगतचे चारदोन कास्तकार, आणि ज्याचा काही संबंध नाही पण ज्याला सगळं माहीत आहे असा एक म्हातारा. कोर्टाचा आदेश असला तर कधी दोन्ही वकीलही येतात, रुमालानं मान पुसत लिंबाच्या सावलीला उभे राहतात.

पहिला वाद मोजायला सुरुवात कुठून करायची यावर होतो. हद्द शोधायची तर आधी एक पक्की जागा हवी, जिच्याबद्दल कोणाची तक्रार नाही. जुना सर्व्हेचा दगड, गावाची शिव, तीन नंबर जिथे एकत्र येतात तो कोपरा, नाही तर नकाशात दाखवलेली जुनी विहीर. ‘साहेब, हा गोटा आमच्या आज्यापासून इथंच हाये,’ एक सांगतो. ‘नाही जी, ट्रॅक्टरनं उपटून आणून टाकला, अख्ख्या गावाले माहीत हाये,’ दुसरा सांगतो. म्हातारा मधेच तिसरीच जागा दाखवतो. अनुभवी भूकरमापक यातल्या कोणाशी वाद घालत नाही. तो एका दगडावर विसंबत नाही. दोनतीन खुणांमधली अंतरं मोजून टिपणाशी ताडून पाहतो, आणि ज्या खुणा एकमेकींशी जुळतात त्यांच्यावर मोजणी उभी करतो. हे काम शांतपणे झालं तर मोजणी टिकते. दुपारच्या आत तिसरं वावर गाठायचं म्हणून घाईनं झालं, तर पुढची दहा वर्षं त्या घाईची किंमत कोणीतरी मोजतं.

पूर्वी प्लेन टेबल आणि साखळी होती, मग इलेक्ट्रॉनिक टोटल स्टेशन आलं, आता रोव्हर आलाय. राज्यात सर्व्हे ऑफ इंडियानं उभारलेल्या 77 कायम केंद्रांचा संदेश घेऊन रोव्हर काही सेंटिमीटरच्या आत जागा सांगतो. यंत्र अचूक झालं. पण रोव्हर सांगतो तुम्ही आत्ता कुठे उभे आहात; तुमच्या आज्याचा दगड कुठे होता हे तो सांगत नाही. ते अजूनही साखळी-आण्यांच्या टिपणातूनच काढावं लागतं. दोन फुटांच्या मापातली नोंद सेंटिमीटरच्या यंत्रावर चढवली म्हणून ती सेंटिमीटरची होत नाही. यंत्राच्या भरवशावर ‘आता वाद मिटले’ असं म्हणणाऱ्यांनी हा फरक ध्यानात ठेवावा.

मोजणी संपली की नकाशा तयार होतो, ज्याला सगळे ‘क प्रत’ म्हणतात. त्यात प्रत्यक्ष वहिवाट कुठे आहे आणि अभिलेखाप्रमाणे हद्द कुठे येते हे दोन वेगळ्या रेषांनी दाखवलेलं असतं. दोन रेषांच्या मधला चिंचोळा पट्टा म्हणजेच तो तंटा. जागेवर हद्दी दाखवल्या जातात, पक्षकारांच्या सह्या घेतल्या जातात. हरलेला बहुधा सही करत नाही. कधी कधी तर मोजूच देत नाहीत. बाया धुऱ्यावर बसतात, पोरं साखळीपुढे उभी राहतात. मग भूकरमापक पंचनामा करून परततो आणि पोलीस बंदोबस्ताच्या मागणीचं पत्र सुरू होतं.

हुकूमनामा निघाला, पुढे?

मोजणीचा अहवाल कोर्टात गेला की तो पुराव्याचा भाग होतो, पण अखेरचा शब्द होत नाही. हरकती येतात, भूकरमापकाला साक्षीला बोलावता येतं, समाधान झालं नाही तर कोर्ट पुन्हा चौकशीही करायला लावतं. भूमी अभिलेखाच्या बाजूनं निमताना मोजणीची सोय आहे, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी. या सोयी न्यायाच्याच आहेत. पण ज्याला वेळ काढायचा आहे त्यालाही त्या पुरतात. साक्षीची तारीख येईपर्यंत भूकरमापकाची बदली झालेली असते, आणि त्या दिवशीचं ऊन सोडून त्याला दुसरं काही आठवत नसतं.

तरी निकाल लागतो. हुकूमनाम्यात लिहिलेलं असतं: प्रतिवादीने अतिक्रमण केलेली 0 हेक्टर 1.30 आर जागा वादीच्या ताब्यात द्यावी. वादी पेढे वाटतो. अपील झालं तर त्यात वर्षं जातात. नंतर दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, दाखल होते, कब्जा वॉरंट निघतं आणि एक दिवस कोर्टाचा बेलीफ वावरात येतो.

बेलीफ समोर पाहतो तर जवळजवळ दीडशे मीटर लांब हिरवंगार शेत. त्यात 1.30 आर कुठून कुठपर्यंत? वॉरंटला नकाशा जोडलेला नसतो. असला तरी झेरॉक्सच्या झेरॉक्समध्ये रेघ पुसलेली असते. बेलीफाला मोजणी येत नाही, येण्याचं कारणही नाही. तो म्हणतो भूमी अभिलेखाचा माणूस आणा. भूमी अभिलेख म्हणतं कोर्टाचं नवं पत्र आणा, फी भरा, तारीख घ्या. त्या तारखेला भूकरमापक येतो तेव्हा पोलीस नसतात, कारण गावात कुठे मोर्चा असतो. पोलीस मिळतात तेव्हा तूर उभी असते. तीन कार्यालयं, तीन पत्रं, तीन तारखा. एक जरी चुकली की बेलीफ अहवाल लिहितो, ‘कब्जा देता आला नाही’. सगळ्या अंमलबजावणीचं दुखणं या एका वाक्यात आहे. कोणी एक खाष्ट अधिकारी किंवा एक खोडसाळ शेजारी शोधून ते सापडत नाही.

हे फक्त वऱ्हाडाचं नाही. हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असं प्रिव्ही कौन्सिलनं 1872 मध्येच म्हणून ठेवलं. सर्वोच्च न्यायालयानं एप्रिल 2021 मध्ये राहुल शाह प्रकरणात दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढण्याचे निर्देश दिले. त्याच निकालात आपल्या विषयाला धरून दोन गोष्टी आहेत. ताबा देण्याचा हुकूमनामा करण्याआधी मिळकतीचं वर्णन नि:संदिग्ध आहे याची कोर्टानं खात्री करावी, आणि पोलिसांशिवाय अंमलबजावणी होणार नसेल तर पोलिसांना मदतीचा आदेश द्यावा. 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं देशभरातून आकडे मागवले तेव्हा 8 लाख 82 हजारांवर दरखास्ती पडून असल्याचं निघालं. त्यातल्या 3 लाख 40 हजारांहून अधिक एकट्या महाराष्ट्रातल्या. हा पहिला नंबर मिरवण्यासारखा नाही.

वाटणीच्या दाव्यांचा फेरा तर आणखी लांब. साऱ्याच्या जमिनीची वाटणी असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे प्राथमिक हुकूमनामा जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो, तिथून तहसीलदारांकडे, तिथून मोजणी आणि वाटप तक्त्यासाठी भूमी अभिलेखाकडे, आणि त्याच वाटेनं परत. कोर्टवाटप म्हणतात ते हेच. या वाटेवर प्रत्येक टेबलाला ‘पुढच्या कार्यालयाकडे पाठवले’ असं लिहिता येतं, आणि ते खरंही असतं. 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की वाटणीच्या दाव्यात प्राथमिक हुकूमनाम्यावर थांबू नये, अंतिम हुकूमनाम्याचं काम कोर्टानं आपणहून पुढे चालवावं. हिस्सा ठरला, पण तो जमिनीवर कोणता हे ठरलं नाही, तर दावा संपला असं म्हणता येत नाही.

महसुलाची वाट आणि समझोता

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966 मध्येही हद्दीसाठी स्वतंत्र व्यवस्था आहे. हद्द निश्चित झाल्यावर चुकीनं कब्जात असलेल्याला काढण्याचा अधिकार कलम 138 नं जिल्हाधिकाऱ्याला दिलाय. ज्याला काढलं त्याला दिवाणी कोर्टात जाऊन आपला हक्क शाबीत करण्याची मुभा ठेवलीय. वाद फक्त रेघेचा असेल तर ही वाट जवळची आहे. मालकीचाच वाद असेल तर दिवाणी कोर्टाला पर्याय नाही. सरकारी हद्दीचा दगड हलवणं हा गुन्हाही आहे. भारतीय दंड विधानाच्या कलम 434 खाली त्याला एक वर्षापर्यंत कैद होती, नव्या न्याय संहितेतही तो गुन्हा आहे. पण रात्रीतून दगड गेला तर तो कोणी नेला हे सांगायला कोणी पुढे येत नाही. दगड पुन्हा रोवायचा तर पुन्हा मोजणी. इथे मात्र नव्या पद्धतीचा खरा उपयोग आहे. कोपऱ्यांचे अक्षांश-रेखांश नकाशावर नोंदले असतील तर दगड उपटून काही साधत नाही, जागा आकड्यांत शिल्लक राहते.

आणि समझोत्याची वाट. एकमेकांच्या जमिनी किमान बारा वर्षं अदलाबदलीनं वहिवाटणाऱ्यांसाठी सरकारनं जानेवारी 2023 मध्ये सलोखा योजना आणली. अदलाबदलीच्या दस्ताला नाममात्र हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि हजार रुपये नोंदणी फी. सरकलेल्या धुऱ्याला ती लागू पडतेच असं नाही. पण दोन्हीकडून थोडं थोडं सरकलेलं असेल, तर भांडणाच्या एका वर्षाच्या खर्चात तो विषय कायमचा मिटू शकतो. लोकअदालतीत तडजोड करणाऱ्यांनीही एक पाळावं: तडजोडीच्या पर्सिसला, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनाला, मोजणीचा नकाशा जोडल्याशिवाय सही करू नये. नकाशाविना झालेली तडजोड हा पुढच्या दाव्याचा पहिला कागद असतो.

एकच तारीख, एकच कागद

करायला हवं ते फार मोठं नाही, आणि त्याला नवा कायदाही लागत नाही. मोजणी दाव्याच्या शेवटी नको, सुरुवातीला हवी. मुद्दे काढण्याआधी कमिशनर नेमला तर निम्मे साक्षीदार लागणारच नाहीत. आदेशात टिपण, फाळणी नकाशा (पोटहिस्स्यांचा) आणि पक्क्या खुणा धरून मोजा असं स्पष्ट लिहावं. हुकूमनाम्याला मूळ नकाशा, अतिक्रमित पट्ट्याच्या चारही कोपऱ्यांच्या अक्षांश-रेखांशांसह जोडावा. दरखास्तीत बेलीफ, भूकरमापक आणि पोलीस यांना एकाच आदेशानं, एकाच तारखेला, पीक निघाल्यानंतरच्या दिवसांत बोलवावं. आदेश 26चे नियम दरखास्तीतही लागू आहेत, त्यामुळे हे करायला कोर्टाचे हात बांधलेले नाहीत.

बाकीचं पक्षकाराच्या हातात आहे. धुऱ्याचा दावा लावायला निघाला असाल तर वकिलाकडे जाण्याआधी भूमी अभिलेखातून टिपण आणि गावनकाशाच्या नकला काढा, पोटहिस्स्याची मोजणी कधी झाली होती का ते पाहा. झाली नसेल तर भावांना समजावून आधी ती करून घ्या. दाव्यात नुसती मनाई मागू नका, ताबाही मागा. ताब्याच्या हुकूमनाम्याची अंमलबजावणी बारा वर्षांत मागता येते. ‘बांधकाम काढून टाका’ अशा आज्ञेच्या हुकूमनाम्याला मुदत फक्त तीन वर्षांची आहे. आणि निकाल हातात आला की पेढे वाटण्याआधी शेवटचं पान उलटून पाहा. त्याला नकाशा जोडलेला नसेल, तर त्याच आठवड्यात कोर्टाकडे तो मागा.